१९४८ : आश्रयाकडून अधिकाराकडे



देश स्वतंत्र कधी झाला असे विचारले, तर पहिलीतले मूलही १५ ऑगस्ट १९४७ असे सांगते. संविधान कधी लागू झाले, तर २६ जानेवारी १९५०, हेही पाठ असते. या दोन तारखांच्या मधले १९४८ हे वर्ष मात्र परीक्षेत फारसे विचारले जात नाही, म्हणून लक्षातही राहत नाही. ग्वाल्हेरच्या मराठी माणसाने एखादे वर्ष मुद्दाम अभ्यासायचे ठरवले, तर ते हेच असावे असे आम्हांस वाटते. या एका वर्षात देशाने आपला सर्वांत मोठा माणूस गमावला. आपल्या शहरातून चालणारे राज्य संपले. आणि वर्ष सरता सरता दिल्लीत असे काही बोलले गेले, की ज्याच्या आधारावर आपल्या शाळेसारखी शाळा आज हक्काने उभी राहू शकते. या लेखात आम्ही या तिन्ही गोष्टी क्रमाने सांगणार आहोत.

देशाचे कारभारी

त्या वर्षी देशाचे नेतृत्व कोणाकडे होते, हे आधी पाहू. राष्ट्रपती हे पद तेव्हा नव्हते. वर्षाच्या सुरुवातीला लॉर्ड माउंटबॅटन हे गव्हर्नर जनरल होते. २१ जून १९४८ रोजी त्यांच्या जागी चक्रवर्ती राजगोपालाचारी आले. या पदावर बसलेले ते पहिले आणि शेवटचे भारतीय. पंतप्रधान पंडित जवाहरलाल नेहरू, तर उपपंतप्रधान सरदार वल्लभभाई पटेल. गृहखात्याबरोबर संस्थानांचे खातेही सरदारांकडेच होते आणि त्या खात्याचे सचिव व्ही. पी. मेनन हे त्यांचा उजवा हात होते. संविधान सभेचे अध्यक्ष डॉ. राजेंद्रप्रसाद होते.

या मंडळींत मराठी नावेही होती. डॉ. बाबासाहेब आंबेडकर कायदामंत्री आणि मसुदा समितीचे अध्यक्ष होते. काकासाहेब गाडगीळ केंद्रीय मंत्रिमंडळात होते. संविधान सभा जेव्हा कायदेमंडळ म्हणून बसत असे, तेव्हा सभापतीच्या आसनावर दादासाहेब मावळंकर असत. पुढे १९५२ मध्ये लोकसभेचे पहिले अध्यक्षही तेच झाले. मावळंकरांचे घराणे मूळचे कोकणातले, पण त्यांचे सारे सार्वजनिक आयुष्य अहमदाबादेत गेले. म्हणजे आपल्यासारखेच ते महाराष्ट्राबाहेरचे मराठी. विद्यार्थ्यांनी हे नाव लक्षात ठेवावे.

दुःखाने उजाडलेले वर्ष

वर्षाचा पहिला महिना संपता संपता, ३० जानेवारी १९४८ रोजी, दिल्लीत प्रार्थनेला जात असताना महात्मा गांधींची हत्या झाली. या घटनेचा आपल्या शहराशी संबंध आहे आणि तो टाळून इतिहास सांगणे आम्हांस योग्य वाटत नाही. हत्येत वापरलेले पिस्तूल ग्वाल्हेरहून मिळवलेले होते, हे पुढे खटल्यात समोर आले. मारेकरी मराठी भाषिक होता. त्यानंतर पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूर या भागांत अनेक निरपराध कुटुंबांची घरे जाळली गेली.

मुलांनी यातून दोन गोष्टी शिकाव्या. एका माणसाच्या पापासाठी सगळ्या समाजाला जबाबदार धरणे हा अन्याय आहे. त्याचबरोबर, आपल्या भाषेच्या माणसाने केलेले पाप झाकून ठेवणे हाही समाजाचा मोठेपणा नव्हे. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत, आणि दोन्ही मनात धरता येणे हेच इतिहास शिकण्याचे फळ आहे.

वर्षभरात पुढेही बरेच घडले. ८ मार्चला सांगली, मिरज, औंध वगैरे दक्षिणेतील मराठी संस्थाने मुंबई प्रांतात विलीन झाली. १२ ऑगस्टला लंडन ऑलिंपिकमध्ये भारताच्या हॉकी संघाने ब्रिटनलाच ४-० असे हरवून स्वतंत्र देशाचे पहिले सुवर्णपदक मिळवले. आपल्या शहरातील मैदानाला ज्यांचे नाव आहे, ते कॅप्टन रूपसिंग त्याआधीच्या, म्हणजे १९३२ व १९३६ च्या विजयी संघांत होते. सप्टेंबरात हैदराबादेत पोलीस कारवाई झाली आणि १७ तारखेला निजामाच्या राजवटीतून मराठवाडा मुक्त झाला. पण आपल्या दृष्टीने सर्वांत मोठी घटना त्याआधी, मे महिन्यात, याच शहराच्या बाबतीत घडली.

तीन घराणी, एक कागद

अठराव्या शतकात बाजीराव पेशव्यांनी माळव्याचा मुलूख आपल्या सरदारांकडे सोपवला. राणोजी शिंद्यांचे घराणे आधी उज्जैनला व नंतर ग्वाल्हेरला, मल्हारराव होळकरांचे इंदूरला, आणि पवारांचे धार व देवासला नांदू लागले. १८१० च्या सुमारास दौलतराव शिंद्यांची छावणी किल्ल्याच्या पायथ्याशी कायमची बसली. छावणी म्हणजेच लष्कर. आपण ज्याला आजही लष्कर म्हणतो ते हेच. आपल्यापैकी अनेकांचे पूर्वज या छावणीबरोबर, नाहीतर तिच्या मागोमाग इकडे आले. कोणी शिलेदार, कोणी कारकून, कोणी पुरोहित, कोणी गवई.

ही घराणी एका पेशव्याची चाकर असली, तरी आपसात त्यांचे नेहमी पटले असे नाही. १७९३ मध्ये लाखेरीला शिंदे आणि होळकर यांच्या फौजा एकमेकींशी लढल्या. १८०२ मध्ये यशवंतराव होळकरांनी पुण्याजवळ हडपसरला शिंदे व पेशवे यांच्या एकत्र फौजेचा पराभव केला. मराठी सत्ता दुबळी होण्याचे एक मोठे कारण ही भाऊबंदकी होती.

२२ एप्रिल १९४८ रोजी मात्र या घराण्यांच्या राजांनी एकाच करारनाम्याखाली येण्याचे मान्य केले. ग्वाल्हेर, इंदूर, धार, देवासच्या दोन्ही पात्या आणि माळव्यातील इतर, अशा लहानमोठ्या २५ संस्थानांचे मिळून मध्यभारत हे नवे राज्य बनले. २८ मे १९४८ रोजी पंडित नेहरूंच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले.

असे का करावे लागले? माळव्याचा जुना नकाशा पाहिला की कारण कळते. ग्वाल्हेरचा मुलूख सलग नव्हता. मध्येच इंदूरचा तुकडा, मध्येच धारचा, पुन्हा ग्वाल्हेरचा. एका गावातून दुसऱ्या गावात जाताना राज्य बदले, कायदा बदले, जकातही बदले. अशा तुकड्यांवर ना सलग रस्ता होतो, ना पाटबंधारा, ना शाळांची एकसारखी व्यवस्था. शिवाय प्रजेला आता मत हवे होते. राजाने दिलेले सरकार नको, तर आपण निवडलेले सरकार हवे होते.

ग्वाल्हेर हे यातले सर्वांत मोठे संस्थान. १९४१ च्या जनगणनेत त्याची लोकसंख्या सुमारे ४० लाख होती, तर इंदूरची सुमारे १५ लाख. २१ तोफांच्या सलामीचा मान असलेल्या देशातील पाच संस्थानांपैकी हे एक होते. म्हणून नव्या राज्याचे राजप्रमुख श्रीमंत जिवाजीराव शिंदे झाले, तर इंदूरचे यशवंतराव होळकर उपराजप्रमुख. राजप्रमुख म्हणजे आजच्या राज्यपालासारखे पद. मान मोठा, पण कारभार मंत्रिमंडळाचा. जिवाजीराव तेव्हा ३२ वर्षांचेही पूर्ण नव्हते. पिढ्यान्‌पिढ्यांची सत्ता सोडून त्या बदल्यात वार्षिक तनखा आणि एक सन्मानाचे पद स्वीकारणे, ही गोष्ट सोपी नव्हती. ती रक्तपात न होता पार पडली, याचे श्रेय दिल्लीच्या मुत्सद्द्यांइतकेच इथल्या राजाला आणि प्रजेलाही आहे.

पहिले मुख्यमंत्री लीलाधर जोशी झाले. त्यांच्यानंतर गोपीकृष्ण विजयवर्गीय, तख्तमल जैन, मिश्रीलाल गंगवाल आणि पुन्हा तख्तमल जैन असे मुख्यमंत्री झाले. हिवाळी राजधानी ग्वाल्हेर आणि उन्हाळी राजधानी इंदूर अशी तडजोड झाली. आपला मोतीमहाल राज्यकारभाराचे केंद्र बनला. १९५२ च्या निवडणुकीत मध्यभारताच्या विधानसभेचे ९९ सदस्य लोकांनी मते देऊन निवडले. पुढे १९५७ मध्ये राजघराण्यातील विजयाराजे शिंदे गुना येथून लोकसभेवर निवडून आल्या, त्याही लोकांपुढे जाऊन, मते मागूनच. दहा वर्षांत केवढे अंतर पडले ते यावरून समजावे.

आश्रय गेला

आता आपल्या घरांकडे वळू. १९४८ पर्यंत इथल्या मराठी माणसाला आपल्या भाषेची काळजी करावी लागत नव्हती. दरबार मराठी राजाचा होता. गणपती, दसरा, होळी राजाश्रयाने साजरी होत. संगीताचे शिक्षण मिळावे म्हणून माधवराव महाराजांनी पंडित भातखंडे यांच्या मार्गदर्शनाखाली १९१८ मध्ये संगीत विद्यालय सुरू केले, ते आजही माधव संगीत महाविद्यालय म्हणून चालू आहे. राजा रसिक असला की गवई टिकतो, राजा उदार असला की शाळा चालते. याला आश्रय म्हणतात. आश्रय ही चांगली गोष्ट आहे, पण तो देणाऱ्याच्या मर्जीवर असतो. त्यावर कोणाला दावा सांगता येत नाही.

१९४८ नंतर हा आश्रय हळूहळू आटला. संस्थानच्या पायदळ पलटणी भारतीय सेनेत गेल्या. ग्वाल्हेर आणि इंदूरच्या पलटणी कुमाऊं रेजिमेंटमध्ये सामील झाल्या. ग्वाल्हेरचे नाव छापलेली टपाल तिकिटे १९५० नंतर बंद झाली. शिंद्यांची छोटी रेल्वे मध्य रेल्वेत गेली. तिची श्योपूरची नॅरोगेज गाडी मात्र २०२० पर्यंत धावत राहिली, आणि आजच्या आपल्या वरच्या वर्गांतील काही मुलांनी ती पाहिलीही असेल.

मग १ नोव्हेंबर १९५६ रोजी मध्यभारतही संपले. नवे मध्यप्रदेश राज्य झाले आणि राजधानी भोपाळला गेली. महालेखाकार कार्यालय आणि महसूल मंडळ ग्वाल्हेरला मिळाले, उच्च न्यायालयाचे खंडपीठ राहिले, पण सचिवालय गेले. त्याच्याबरोबर अनेक कुटुंबेही भोपाळला गेली. त्याच दिवशी देशभरातून राजप्रमुख हे पदही नाहीसे झाले. राजाच्या छत्राखालचा मराठी समाज आता एका मोठ्या हिंदी भाषिक राज्यातला लहानसा समाज झाला.

इथे इतिहास संपवला, तर ही फक्त गमावल्याची कहाणी होईल. पण त्याच १९४८ सालाच्या डिसेंबरात दुसरी एक गोष्ट घडून गेली होती. तिची आठवण आपल्याकडे फारशी कोणी काढत नाही.

८ डिसेंबर १९४८

४ नोव्हेंबर १९४८ रोजी डॉ. आंबेडकरांनी संविधानाचा मसुदा सभेपुढे मांडला आणि एकेका कलमावर चर्चा सुरू झाली. ७ आणि ८ डिसेंबरला मसुद्यातील २३ वे कलम चर्चेला आले. हे कलम भाषा, लिपी, संस्कृती जपण्याच्या आणि आपल्या शिक्षणसंस्था चालवण्याच्या हक्काविषयी होते. संविधानात आज त्याची २९ आणि ३० अशी दोन कलमे आहेत.

चर्चेत एक प्रश्न असा निघाला, की भाषा जपण्याचा हक्क सांगताना मसुदा समितीने 'अल्पसंख्य' हा शब्द का वगळला आणि 'नागरिकांचा कोणताही गट' असे का लिहिले. बाबासाहेबांनी उत्तर देताना उदाहरणे घेतली. त्यांच्या सांगण्याचा आशय असा, की मद्रासकडची काही माणसे मुंबईत येऊन राहिली, किंवा महाराष्ट्रातली काही माणसे बंगालमध्ये जाऊन राहिली, तर नेहमीच्या अर्थाने ती अल्पसंख्य म्हणवणार नाहीत. पण भाषा आणि संस्कृतीच्या दृष्टीने ती तिथे अल्पसंख्यच असतील. त्यांनाही हे संरक्षण मिळाले पाहिजे, म्हणून शब्द व्यापक ठेवला आहे.

विद्यार्थी मित्रांनो, पुन्हा एकदा वाचा. बाबासाहेबांनी उदाहरण म्हणून महाराष्ट्राबाहेर वसलेल्या मराठी माणसाचे नाव घेतले. बंगालच्या जागी ग्वाल्हेर म्हणा, की ते आपल्याविषयीच झाले. मे महिन्यात आपल्यावरचे राजछत्र उतरले आणि डिसेंबरात देशाच्या मूळ कायद्यात आपल्यासाठी जागा केली गेली, तीही एकाच वर्षात. आश्रय गेला आणि त्याच्या जागी अधिकार आला, असे आम्ही म्हणतो ते यामुळे.

'आणि' व 'किंवा'

व्याकरणाच्या तासाला उभयान्वयी अव्यये शिकताना मुले कंटाळतात. त्यांच्यासाठी एक उदाहरण देतो. मूळ मसुद्यात ज्यांची 'भाषा, लिपी आणि संस्कृती' वेगळी आहे अशा नागरिकांना हक्क दिला होता. संविधान पूर्ण झाले तेव्हा तिथे 'भाषा, लिपी किंवा संस्कृती' असे शब्द होते.

यात आपला काय संबंध? मराठीची लिपी देवनागरी आणि हिंदीचीही देवनागरी. 'आणि' हा शब्द तसाच राहिला असता, तर तुमची लिपी वेगळी कुठे आहे, असा प्रश्न इथल्या मराठी माणसाला कोणीही विचारू शकला असता. 'किंवा' आल्यामुळे तो प्रश्नच उरला नाही. भाषा वेगळी आहे, तेवढे पुरेसे आहे.

पुढे १९५६ मध्ये संविधानात सातवी दुरुस्ती झाली. राजप्रमुखपद रद्द झाले ते याच दुरुस्तीने. आणि याच दुरुस्तीने ३५० क हे कलमही आले. भाषिक अल्पसंख्य समाजाच्या मुलांना प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळण्याच्या पुरेशा सोयी राज्याने कराव्या, असे ते सांगते. एका हाताने कायद्याने राजाचे पद काढले आणि दुसऱ्या हाताने मुलाच्या भाषेचा विचार केला. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या ११ न्यायाधीशांच्या पीठाने टी. एम. ए. पै फाउंडेशनच्या खटल्यात हेही स्पष्ट केले, की अल्पसंख्य कोण ते राज्यवार पाहायचे. म्हणजे नागपूरला जो मराठी माणूस बहुसंख्य आहे, तोच ग्वाल्हेरला भाषेच्या दृष्टीने अल्पसंख्य आहे.

आता काम आपले

दर वर्षी प्रवेशाच्या दिवसांत काही पालक आम्हांस विचारतात की मराठीचा तास कशाला हवा, त्याऐवजी गणिताचा एखादा तास वाढवावा. विश्वस्त मंडळाच्या बैठकीतही हा विषय अधूनमधून निघतो. पालकांची चिंता आम्ही समजू शकतो. स्पर्धा मोठी आहे, मुलांवर ओझे आहे, आणि मराठीवर नोकरी मिळत नाही हे खरे आहे.

पण आमचे म्हणणे असे आहे. हिंदी ही आपल्या या शहराची भाषा आहे, तिच्याशी आपले भांडण नाही. आम्ही स्वतः पदवीपर्यंत हिंदी माध्यमातून शिकलो आणि त्याचा आम्हांस अभिमान आहे. आमची मराठी टिकली ती घरात आई-आजींमुळे. आज अनेक घरांत आजीही नातवंडांशी हिंदीतच बोलते. घराचा आधार सुटला की मग शाळेचा तासच उरतो, आणि तोही सुटला की काहीच उरत नाही.

कायदा काय करू शकतो आणि काय नाही, हे इथे नीट समजून घेतले पाहिजे. संविधान आपल्याला शाळा चालवण्याचा हक्क देते. त्या शाळेत मूल पाठवणे, घरी त्याच्याशी चार वाक्ये मराठीत बोलणे, हे कोणतेही कलम करून देणार नाही. आश्रय असताना राजा आपल्या वतीने भाषा सांभाळत होता. अधिकार आल्यावर ते काम आपल्याकडे आले. न वापरलेला अधिकार कागदावर राहतो आणि कोणी काढून न घेताही निघून जातो. म्हणून मराठीचा तास गणिताच्या बदल्यात देऊ नये, अशी आमची विश्वस्त मंडळींना नम्र विनंती आहे. गणितासाठी जादा वर्ग घेण्यास आमचे शिक्षक तयार आहेत.

विद्यार्थ्यांसाठी या सत्रात आम्ही एक छोटे काम ठरवले आहे. आपल्या घरातील किंवा शेजारच्या सर्वांत वडील व्यक्तीकडे जावे. ज्यांना १९४८ आठवते ते आज ऐंशीच्या पुढे आहेत, तेव्हा उशीर करू नये. त्यांना तीन प्रश्न विचारावे. आपले घराणे इकडे कोठून व कशासाठी आले? संस्थान गेले तेव्हा घरात काय बदलले? १९५६ मध्ये घरातले कोणी भोपाळला गेले का? उत्तरे त्यांच्याच शब्दांत, मराठीत लिहून आणावी. घरात जुनी सनद, पगारपत्रक, दाखला, तिकीट असे काही असेल, तर त्याची छायाप्रत आणावी, मूळ कागद घरीच राहू द्यावा. एखाद्या कागदावर 'ग्वालियर राज्य' आणि त्याच घरातल्या पुढच्या कागदावर 'मध्यभारत' असे छापलेले सापडले, तर १९४८ चा धडा तुमच्या हातातच आहे असे समजा.

हे सर्व लेखन एकत्र करून शाळेच्या वाचनालयात ठेवण्याचा आमचा विचार आहे. आजी-आजोबांनीही आपल्या नातवंडांना हाताशी धरून या कामात सहकार्य करावे, आणि प्रश्नांची उत्तरे देताना कृपया मराठीतच बोलावे, ही विनंती.

– प्राचार्य
हरिशंकरपुरम, ग्वाल्हेर